शेवटी नायक मारा

मुंबईत राहून क्वीअर, म्हणजे समलिंगी, ट्रान्स वगैरे मंडळींपैकी, कादंबरीकार, पटकथाकार आणि वर चळवळीचा इतिहासकार व्हायचं मनात आहे? जरूर व्हा. तिन्ही एकदम व्हा, कारण यातल्या कुठल्याही एकावर खोलीचं भाडं सुटत नाही.

कादंबरीत नायकाला भरपूर दुःख द्या आणि शेवटी मारा. तो जोडीदाराशी गॅसचा नंबर लावण्यावरून भांडतो, लोकल चुकवतो, म्हातारा होतो, असलं काही लिहू नका. लोक विचारतील, मग यात वेगळं काय? आणि पडद्याची घाई करू नका. 'कोबाल्ट ब्लू' ही मराठी कादंबरी २००६ची. चित्रपट आला २०२२ साली, तोही मराठीत नाही.

पटकथा ऐकवायला अंधेरीला जाल. निर्माता भारावून जाईल. मग म्हणेल, प्रेम अस्संच ठेवा, फक्त त्या दुसऱ्या मुलाची मुलगी करा. हटून बसलात तर दुसऱ्या ड्राफ्टमध्ये तुमचा नायक हिरोचा मित्र होईल, तिसऱ्यात फॅशन डिझायनर, चौथ्यात विनोदी. वाईट वाटून घेऊ नका, बिचाऱ्याला थिएटरच्या काचांची काळजी असते. १९९८ साली दोन बायकांच्या प्रेमावरचा 'फायर' सेन्सॉरकडून रीतसर पास होऊन आला होता, तरी मुंबईत तोडफोड झालीच.

व्याख्यानांचं सोपं आहे. मुंबईची क्वीअर पदयात्रा बहुतेक थंडीत निघत आली आहे. कंपन्यांची आमंत्रणं मात्र जूनमध्ये, भर पावसात येतात, कारण स्टोनवॉल बारवरच्या पोलिसी छाप्याविरुद्धचा समलिंगींचा उठाव १९६९च्या जूनमध्ये न्यूयॉर्कला घडला. मानधनाचा विषय काढू नका. केक असतो.

खरी कसोटी इतिहासाची. पुरावा घरांत शोधायला जाऊच नका. तिथे कळेल की मामांना संसारात रस नव्हता. ते आणि त्यांचे ऑफिसातले स्नेही गिरगावात एका खोलीत तीस वर्षं राहिले, पण त्या काळी मुंबईत जागेची टंचाईच तशी होती. पत्रं? रद्दीत गेली. फोटो? स्नेह्यांची बाजू वाळवीने खाल्ली, नेमकी तेवढीच. 'बॉम्बे दोस्त' या समलिंगींच्या नियतकालिकाचे १९९०पासूनचे अंक कुणी गादीखाली लपवून वाचले असतील, तर गादीबरोबर तेही गेले.

सरकार मात्र असा निष्काळजीपणा करत नाही. १८६०च्या दंडविधानात समलिंगी संबंध गुन्हा ठरवणारं ३७७ कलम घातलं आणि मग नावगाव, वेळ, जागा, डॉक्टरी तपासणी, सगळं लिहून ठेवलं. १९२५चा 'खानू विरुद्ध सम्राट' हा ३७७चा खटला सिंधमधला, पण सिंध तेव्हा मुंबई इलाख्यातच होता, तेव्हा बिनदिक्कत आपला म्हणा. कोण कुणावर प्रेम करत होतं ते त्यात सापडणार नाही. कोण सापडलं, एवढंच सापडेल.

या दृष्टीने ३७७वरचा सुप्रीम कोर्टाचा ६ सप्टेंबर २०१८चा निकाल म्हणजे आपल्या धंद्यावर घालाच. प्रौढांनी राजीखुशीने केलेलं काही आता गुन्हा नाही, म्हणजे फाइलही नाही. समलिंगी लग्नांच्या नोंदीतून भर निघाली असती, पण १७ ऑक्टोबर २०२३ला सुप्रीम कोर्टाने तीही वाट मोकळी केली नाही.

राहता राहिलं सोसायटीचं दप्तर. जोडीदाराबरोबर भाड्याने राहायला जाल तेव्हा फॉर्मवर नात्याच्या रकान्यात 'मित्र' लिहा, सेक्रेटरीही तेच सुचवतील. पुढेमागे कुणी संशोधक आलाच, तर मुंबईत तेव्हाही जागेची टंचाई होती हे त्याला पुराव्यानिशी मांडता येईल.