दुरुस्ती मंजूर झाली म्हणून मुदत वाचत नाही

‘दावा मुदतीत लावून ठेवा. राहिलेल्या मागण्या आणि राहिलेली माणसं नंतर दुरुस्तीने घालता येतात. कोर्ट दाव्याची पहिलीच तारीख धरतं.’ हा सल्ला सध्या बराच फिरतो आहे. (मुदत म्हणजे दावा लावायला कायद्याने दिलेला काळ; दुरुस्ती म्हणजे लावलेल्या दाव्याच्या अर्जात, म्हणजे वादपत्रात, नंतर केलेला बदल.) तो ऐकून कुणी स्वस्थ बसला तर त्याची जमीन जाऊ शकते, म्हणून एकेक वाक्य तपासतो.

‘दुरुस्ती दाव्याच्या तारखेपासूनच लागू होते.’ सर्वसाधारण नियम तसा आहे, पण तो अटळ नाही. संपतकुमार विरुद्ध अय्याकन्नू (२००२) या खटल्यात वादीने १९८८ मध्ये फक्त मनाईचा, म्हणजे समोरच्याला रोखून धरण्याचा, दावा लावला होता. अकरा वर्षांनी त्याने मालकी ठरवून ताबा मिळावा अशी मागणी घालायला अर्ज केला. सुप्रीम कोर्टाने दुरुस्ती दिली, पण नवी मागणी दुरुस्तीच्या अर्जाच्या तारखेला केली असं धरायचं, हेही सांगितलं. म्हणजे मधली अकरा वर्षं वादीच्या पदरात पडली नाहीत.

‘मुदत गेली तरी कोणतीही मागणी घालता येते.’ इथे खरा प्रश्न वेगळा आहे: जुन्याच हकिकतीतून निघणारी मागणी आहे, की नवा दावाच मागच्या दाराने येतो आहे? पिरगोंडा पाटील विरुद्ध कलगोंडा पाटील (१९५७) हा आपल्याकडचाच खटला. वादपत्रात तपशील अपुरा होता, तो भरून काढायला परवानगी मिळाली, कारण दावा तोच राहिला. एलआयसी विरुद्ध संजीव बिल्डर्स (२०२२) मध्ये नुकसानभरपाईची रक्कम १ कोटी १ लाखावरून ४०० कोटी १ लाखावर नेऊ दिली. आकडा डोळे दिपवणारा, पण दाव्याचं कारण बदललं नव्हतं. याउलट के. रहेजा कन्स्ट्रक्शन्सच्या खटल्यात (१९९५) आधी फक्त मनाई मागून सात वर्षांनी करारपूर्तीची, म्हणजे ठरलेला करार पुरा करून देण्याची, मागणी घालायचा प्रयत्न झाला. तो फेटाळला गेला. साठेखतावर विसंबलेल्यांनी हा निकाल जरूर लक्षात ठेवावा: करारपूर्तीची मुदत तीन वर्षांची आहे, आणि नुसता मनाईचा दावा ती थांबवून धरत नाही.

शिवाय अर्ज मंजूर झाला म्हणजे मुदतीचा प्रश्न मिटला असंही नाही. मुदतीबद्दल वाद असेल तर दुरुस्ती देऊन तो मुद्दा पुराव्यानंतर ठरवायला मोकळा ठेवता येतो. मग शेवटच्या निकालात तीच मागणी मुदतबाह्य ठरू शकते.

‘नवा प्रतिवादीही पहिल्याच तारखेला आला असं धरतात.’ हे तर उघड चूक. मुदत कायदा, १९६३ चं कलम २१ सांगतं की नव्या पक्षकारापुरता दावा त्याला सामील केलं त्या दिवशी लागला असं धरायचं. मयत पक्षकाराचे वारस रेकॉर्डवर येतात तेव्हा हा नियम लागत नाही.

‘कधीही अर्ज करा.’ दिवाणी प्रक्रिया संहितेत दुरुस्तीचा नियम म्हणजे ऑर्डर ६ रूल १७; त्याला २००२ पासून परंतुक, म्हणजे जोडलेली अट किंवा अपवाद, आहे. सुनावणी सुरू झाल्यावर, योग्य ती दक्षता घेऊनही हा मुद्दा आधी मांडता आला नसता, हे कोर्टाला पटावं लागतं.

कुणाचं नाव खरोखरच चुकून, सद्‌हेतूने राहिलं असेल तर कलम २१ च्याच परंतुकाखाली आधीची तारीख धरण्याचा हुकूम कोर्ट देऊ शकतं. सामील करण्याच्या अर्जातच चूक कशी झाली ते लिहून हा हुकूम स्पष्ट शब्दांत मागा.