किंडरडाइकच्या पवनचक्क्या पीठ दळत नाहीत

नेदरलँड्समधल्या किंडरडाइक गावच्या १९ पवनचक्क्यांचा फोटो सध्या फिरतोय. खाली मजकूर: 'या चक्क्या गावाचं धान्य दळतात आणि वीजही देतात.' सोबत युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आल्याचं वर्षही दिलंय. धान्य आणि वीज, दोन्ही चूक. 'चक्की' या शब्दाने घोटाळा होतो, एवढंच.

ही पाणी उपसायची यंत्रं आहेत. पात्यांचं फिरणं लाकडी दातेरी चाकांतून खाली येतं आणि फळ्यांचं मोठं चाक फिरवतं; ते सखल शेतांतलं पाणी वरच्या कालव्यात ढकलतं. लेक नदीची पातळी उतरली की दार उघडून ते नदीत सोडायचं. वारा पडला किंवा नदी फुगलेली राहिली, तर सगळं अडायचं. त्यात पाणी काढलं की पीटची (अर्धवट कुजलेल्या वनस्पतींची, दलदलीतली) जमीन खचते, म्हणजे उपसा आणखी वाढतो!

यांतल्या १७३८ च्या आठ चक्क्या विटांच्या, गोल. १७४० च्या आठ अष्टकोनी, गवताने शाकारलेल्या. पाती जवळजवळ जमिनीला टेकतात, म्हणून समोरासमोर दोन दारं: एकापुढे पाती फिरत असली की दुसऱ्याने बाहेर पडायचं. आज मुख्य उपसा स्क्रू पंप (मोठा मळसूत्री दांडा फिरवून पाणी वर चढवणारी यंत्रं) करतात. युनेस्कोच्या यादीतलं वर्ष मात्र मजकुरात बरोबर आहे, १९९७.