‘देवळात ऐकलेल्या गोष्टी’ : एका प्रतिक्रियेला उत्तर

विद्याधरांवरच्या, म्हणजे जुन्या कथांमधल्या, विद्येच्या बळावर आकाशातून फिरणाऱ्या मंडळींवरच्या, मागच्या लेखाखाली ‘एक अभ्यासक’ या नावानं लांबलचक प्रतिक्रिया आली आहे. ज्यांनी वाचली नसेल त्यांच्यासाठी सार देतो. मी हिंदू, बौद्ध आणि जैन विद्याधरांची खिचडी केली. जैनांचा विद्याधर माणूसच असतो, हे मला ठाऊक नाही. तिबेटी बौद्धांत विद्याधर म्हणजे सिद्धी मिळवलेला साधक, हे मी गाळलं. ‘नागानंद’ या संस्कृत नाटकाचा काळ दिला नाही. आणि शेवटी: ‘गावच्या देवळात ऐकलेल्या गोष्टींना अभ्यास म्हणू नये.’

काळ द्यायला हवा होता, मान्य. सातवं शतक, कर्ता हर्षवर्धन. झालं समाधान?

आता ते शेवटचं वाक्य. साहेब, तुम्ही कोणत्या शहरात बसून लिहिता ते मला माहीत नाही, पण ‘गावच्या देवळात’ हे शब्द तुम्ही ज्या चालीत लिहिलेत ती चाल मी ओळखतो. वऱ्हाडातला माणूस पुण्या-मुंबईत तोंड उघडतो तेव्हा समोरच्याच्या चेहऱ्यावर तेच असतं.

ज्या देवळाबद्दल तुम्ही बोलताय ते वाशीम जिल्ह्यातल्या शिरपूरचं, अंतरिक्ष पार्श्वनाथाचं. मी पोरवयात वडिलांसोबत तिथे गेलो. वाकून भुयारात उतरायचं, आत काळी मूर्ती, तेलाचा वास. ही मूर्ती जमिनीला न टेकता अधांतरी आहे असं मानतात; खाली अंतर आहे की नाही ते पाहायला वडिलांनी माझी मान धरून गाल पार फरशीला टेकवला होता. आणि तिथेच कुणीतरी गोष्ट सांगितली. विमानातून जाणारे विद्याधर जेवणवेळेला खाली उतरले. पूजेशिवाय घास घ्यायचा नाही असा नेम, आणि सेवक मूर्ती घरीच विसरलेला. मग त्यानं वाळू-शेणाची मूर्ती घडवली, पूजा झाली, मूर्ती तळ्यात सोडली. पुढे त्याच तळ्याच्या पाण्यानं एलिचपूरच्या (आजचं अचलपूर) राजाचं कोड गेलं. विद्याधरांची नावं कुणी माली-सुमाली सांगतं, कुणी खरदूषण.

तर ही ‘ऐकीव’ गोष्ट जिनप्रभसूरी या जैन आचार्यांनी चौदाव्या शतकात ‘विविधतीर्थकल्पा’त लिहून ठेवली आहे, माली-सुमालीच्या नावांसकट. ऐकलेलं आणि लिहिलेलं यांच्यात तुम्ही जी भिंत घालताय, ती आमच्याकडे कधी नव्हतीच. (या देवळावरून दोन पंथांत जो वाद चालला, त्यात मला ओढू नका.)

जैनांचा विद्याधर माणूस असतो, हे मला शिकवताय? आमच्या घराला भिंत लागून जैन काकूंचं घर होतं. पर्युषणात त्यांच्या ओसरीवर बसून मी नमी-विनमीची गोष्ट ऐकली आहे, तुम्ही पहिलं पुस्तक उघडलं असेल त्याच्या आधी. पहिले तीर्थंकर ऋषभदेव यांनी राज्य वाटून दीक्षा घेतली, तेव्हा हे दोघं तिथे नव्हते. आले ते थेट ध्यानस्थ ऋषभदेवांच्या मागे लागले, आमचा वाटा कुठाय! ते काय बोलणार? शेवटी नागराज धरणेंद्रानं त्यांना विद्या दिल्या आणि विजयार्ध पर्वतावरचं राज्य दिलं, उत्तरेला ६० नगरं, दक्षिणेला ५०. काकू सांगायच्या आणि समोर बसलेल्या बाया हसायच्या, कारण वाटणीला उशिरा पोचलेला एक तरी भाऊ प्रत्येकीच्या घरात होता. रावणसुद्धा विद्याधर आणि वानर म्हणजे ध्वजावर वानराचं चिन्ह असलेले विद्याधर, हेही तिथलंच. विमलसूरींचं ‘पउमचरिय’, म्हणजे प्राकृतातलं जैन रामायण, हाती आलं तेव्हा मला त्यात नवं फार थोडं सापडलं.

बरं, खिचडी. ज्या ‘नागानंद’चा काळ तुम्ही मागितलात, ते उघडून तरी पाहा. नांदी बुद्धाची. नायक जीमूतवाहन हा विद्याधर राजपुत्र, नागाच्या जागी स्वतः गरुडापुढे जाऊन पडतो. आणि शेवटी त्याला जिवंत करून विद्याधरांचा चक्रवर्ती कोण करतं? गौरी. एकाच नाटकात बुद्धही आणि देवीही! हाच जीमूतवाहन पुढे अकराव्या शतकात काश्मीरच्या सोमदेवाच्या ‘कथासरित्सागरा’त वेताळाच्या तोंडी येतो. म्हणजे खिचडी माझ्या आधी हजार-चौदाशे वर्षं शिजलेली आहे. मी फक्त वाढली.

आणि खेड्याचंच काढलंत म्हणून सांगतो. अपभ्रंश या जुन्या भाषेतलं ‘करकंडचरिउ’ हे जैन काव्य हिरालाल जैन यांनी १९३४ साली संपादित करून छापलं, ते आमच्या कारंज्याहून. धाराशिवच्या लेण्यांचा संबंध त्यात विद्याधरांशी जोडला आहे. त्या पोथ्या इथल्याच भांडारांत जपून ठेवलेल्या होत्या, कापडात बांधून. कुणी जपल्या? तुमच्या विद्यापीठांनी?

तिबेटी साधकांचा मुद्दा राहिला. तो वेगळा विषय आहे, त्यावर पुन्हा कधी. संदर्भसूची मागितलीत, मी ब्लॉग लिहितो, प्रबंध नाही.

पुढचा लेख मुक्तागिरी या जैन तीर्थावर आहे. तिथेही तुम्हाला बोलायचं असेलच, खुशाल बोला. फक्त ‘एक अभ्यासक’ पुरे झालं, खरं नाव लावून लिहा. बिननावाची प्रतिक्रिया यापुढे छापणार नाही.