साडेसातचा सामना

आमच्या सासऱ्यांना, म्हणजे अण्णांना, बास्केटबॉलमधले काहीही कळत नाही आणि मला ते कळते असा घरात एक समज आहे, जो मी गेली बारा वर्षे मोठ्या कष्टाने टिकवून ठेवला आहे. त्यामुळे न्यू जर्सीतल्या एडिसन गावी आमच्याकडे मुक्कामाला आलेल्या अण्णांनी एके सकाळी वर्तमानपत्रातून डोके वर काढून, ‘जावईबापू, सॅक्रॅमेंटो किंग्ज या संघाचे मालक कोणी विवेक रणदिवे आहेत म्हणे,’ असे म्हटले तेव्हा मी बेसावधपणे, ‘हो, मूळचे मुंबईचेच. २०१३ पासून संघ त्यांच्या ताब्यात आहे,’ असे उत्तर दिले आणि पुढच्या सर्व हालअपेष्टांना स्वतःच आमंत्रण दिले. एवढ्यावर न थांबता, २०१९ च्या ऑक्टोबरमध्ये हाच संघ मुंबईत वरळीला इंडियाना पेसर्सविरुद्ध दोन सामने खेळला आणि दोन्ही हरला, हेही मी सांगून टाकले. ‘माहेरी आल्यावर कोण जिंकायला बघतो?’ असे म्हणून अण्णांनी त्या दोन्ही पराभवांचा जागच्या जागी निकाल लावला आणि हा संघ आपल्याला पाहायचा आहे, असे जाहीर केले.

पश्चिम विभागातला संघ पूर्वेकडच्या संघाच्या मैदानावर साखळी फेरीत एकदाच येतो. म्हणजे किंग्ज न्यू यॉर्कच्या निक्सशी खेळायला हंगामातून एकदाच मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये उतरणार होते, आणि ती तारीख होती जानेवारीतल्या एका मंगळवारची, संध्याकाळी साडेसातची. बायकोने तत्परतेने दोनच तिकिटे काढली. तिसरे का नाही, असे विचारल्यावर तिने बास्केटबॉल पाहण्यापेक्षा सहा तास घर शांत मिळणे अधिक मोलाचे आहे, असे स्वच्छ सांगितले.

अण्णांची सारी नोकरी रेल्वेच्या टपाल सेवेत, म्हणजे आर. एम. एस. मध्ये गेली. धावत्या गाडीच्या डब्यात रात्रभर उभे राहून पत्रांची वर्गवारी करायची आणि पुढचे स्टेशन यायच्या आत त्या गावची थैली शिवून, लाख लावून तयार ठेवायची, असे ते काम होते. अशा माणसाच्या मनात ‘वेळेवर पोहोचणे’ असे काही नसते. त्याच्या मते वेळेआधी पोहोचलेली माणसे असतात आणि राहिलेली टपाले असतात. सामन्याच्या चार दिवस आधी त्यांनी डायरी उघडून उलटा हिशेब मांडला. सामना साडेसातला, म्हणजे सव्वासातला जागेवर. त्याआधी स्वच्छतागृह शोधणे, म्हणजे सात. दारावर तपासणी असणार, तेव्हा साडेसहा. गाडी उतरून वर यायला अर्धा तास, म्हणजे न्यू यॉर्कला सहा. एडिसनहून तासाभराचा प्रवास, म्हणजे पाचची गाडी. एक गाडी चुकू शकते, म्हणून त्याआधीची. स्टेशनवर पाऊण तास हाताशी हवा, म्हणजे पावणेचार. अशा रीतीने वजाबाकी करत करत ते दुपारच्या जेवणापर्यंत पोहोचले आणि त्या दिवशी अकराला पाने घ्यावीत, असे त्यांनी मुलीला लेखी कळवले.

मी त्यांना समजावण्याचा प्रयत्न केला. म्हटले, अण्णा, जगात इतके सोयीचे क्रीडागृह दुसरे नसेल. आपली गाडी ज्या पेन स्टेशनात थांबते, त्याच्या डोक्यावरच हे गार्डन बांधलेले आहे. जुन्या स्टेशनची भव्य इमारत १९६३ पासून पाडायला घेतली, रूळ आणि फलाट जमिनीखाली तसेच ठेवले आणि त्यांच्यावर १९६८ साली हे क्रीडागृह उभे राहिले. रुळापासून खुर्चीपर्यंतचे अंतर मोजायचेच तर ते आडवे नाही, उभे आहे. अण्णांनी हे शांतपणे ऐकून घेतले आणि विचारले, ‘गार्डन आहे, तर बसायला बाकडी असतील ना?’ तेव्हा मला सांगावे लागले की, हे नाव सव्वीसाव्या रस्त्यावरच्या मॅडिसन चौकात असलेल्या मूळ इमारतीचे आहे, आताची इमारत त्या नावाची चौथी असून चौकापासून बरीच लांब आहे, आणि तिच्यात झाड सोडाच, साधी कुंडीही नाही. शिवाय स्क्वेअर म्हणत असले तरी ती गोल आहे. ‘म्हणजे पत्ताच चुकीचा,’ अण्णा म्हणाले. ‘असली पत्रे आम्ही परत पाठवायचो.’

पिशवीचा प्रश्न त्याहून बिकट होता. आत नेण्याची पिशवी खुर्चीखाली मावेल एवढीच हवी, आणि त्याहून मोठी असल्यास ती ठेवून घ्यायची सोय तिथे नाही, हा नियम मी वाचून दाखवला. अण्णांनी शिवणाच्या टोपलीतली टेप आणली, जेवणाच्या टेबलाची एक खुर्ची दिवाणखान्याच्या मध्यभागी ओढली आणि जमिनीवर पालथे पडून तिच्या खालच्या पोकळीची लांबी, रुंदी आणि उंची घेतली. त्यानंतर कानटोपी, शाल, थर्मास, दशम्यांचा डबा आणि एक रिकामी पिशवी (पिशवीत नेहमी एक रिकामी पिशवी असावी लागते) अशा ऐवजाने फुगलेले ते प्रवासी बोचके त्या पोकळीत सरकवले. ते अर्धे आत गेले आणि खुर्ची चार बोटे वर उचलली गेली. शेवटी डबा गाडीतच संपवायचा, थर्मास घरी ठेवायचा आणि उरलेले सारे कोटाच्या खिशांत भरायचे, असा तह झाला. खिशांत नेमके काय काय गेले हे मी पाहिले नाही, ही माझी पहिली चूक.

ठरल्याप्रमाणे आम्ही निघालो. तासाभराने डॉक्टरकडे जायचे आहे, असे कार्यालयाला कळवून मी सुटका करून घेतली होती. अण्णांचा आग्रह होता की शेवटच्याच डब्यात बसायचे, कारण त्यांच्या अनुभवानुसार तिथे गर्दी नसते. मेटचेन, मेट्रोपार्क, राहवे, लिंडेन, एलिझाबेथ अशी स्टेशने ते डायरीत वेळेसह टिपत होते आणि दशम्या शेंगदाण्याच्या चटणीबरोबर संपत आल्या होत्या. आता या मार्गावर एक सापळा आहे, जो इथे नव्याने आलेल्या प्रत्येक मराठी माणसासाठी जणू मुद्दाम लावून ठेवलेला असावा. न्यू यॉर्कच्या स्टेशनला पेन स्टेशन म्हणतात आणि त्याच्या वीसेक मिनिटे अलीकडे असलेल्या न्यूअर्कच्या स्टेशनलाही पेन स्टेशनच म्हणतात. त्यातून गाडीतली घोषणा अशी होते की ‘न्यूअर्क’ आणि ‘न्यू यॉर्क’ यांतला फरक फक्त घोषणा करणाऱ्याच्या आईलाच कळावा. हे मी अण्णांना सांगायला हवे होते. पण त्याच क्षणी ‘डॉक्टर काय म्हणाले?’ असा साहेबांचा निरोप आला, मी फोनमध्ये डोके घातले, आणि उतरण्याच्या दोन स्टेशने आधीपासून दारात उभे राहण्याची चाळीस वर्षांची सवय असलेले अण्णा ‘पेन स्टेशन’ हे शब्द कानी पडताच खाली उतरले. मी मान वर केली तेव्हा ते फलाटावरून मला, उतरा, उतरा, असे हातवारे करत होते. डबा, झाकण आणि एक हातमोजा कवटाळून मी उडी मारली, आणि आमची गाडी आमच्यादेखत निघून गेली. ‘एक गाडी चुकू शकते म्हणून आधीची घेतली होती,’ अण्णा समाधानाने म्हणाले. त्यांचा हिशेब बरोबर ठरला होता.

पुढच्या गाडीने आम्ही सव्वासहाच्या सुमारास न्यू यॉर्कला उतरलो तेव्हा वेळ भरपूर होता, आणि खरी अडचण तिथूनच सुरू झाली. शेवटच्या डब्यातून उतरल्यामुळे आम्ही वर आलो ते गार्डनच्या बाजूला नव्हे, तर आठव्या अ‍ॅव्हेन्यूच्या पलीकडे, मॉयनिहन ट्रेन हॉलमध्ये. काचेच्या प्रचंड छपराखालचे ते नवे दालन पाहून अण्णा थबकले. मी, ज्ञानाचे प्रदर्शन करण्याचा मोह न आवरल्याने, म्हणालो, ‘ही इमारत मुळात न्यू यॉर्कचे मुख्य टपाल कार्यालय. १९१४ सालची. आपण उभे आहोत ना, ते टपालाचे सॉर्टिंग ऑफिस होते. खाली रूळ असल्यामुळे थैल्या इथून थेट गाड्यांत जात.’

ही दुसरी चूक. तिच्यासमोर पहिली काहीच नव्हती.

अण्णांनी टोपी काढली. छपराला पेलणाऱ्या जुन्या पोलादी कैच्या त्यांनी मान वाकडी करून एकेक पाहिल्या. सॉर्टिंगची खणांची कपाटे कुठे असतील, थैल्या कुठून सोडत असतील, उभ्या उभ्या काम करणाऱ्या लोकांचे पाय इथल्या थंडीत कसे आखडत असतील, याविषयी ते बोलू लागले. एकदा तर कुठल्याशा अदृश्य खणात त्यांनी पत्र फेकल्यासारखा हात केला, मनगटातून, अगदी हलका. बारा वर्षांत मी या माणसाला इतके बोलताना ऐकले नव्हते, त्यामुळे घड्याळ दाखवण्याचा धीर मला झाला नाही. मग दर्शनी बाजू पाहायला आम्ही बाहेर आलो. अण्णांनी खांब मोजले. वीस भरले. खांबांच्या वर दगडात कोरलेली ती प्रसिद्ध ओळ, की हिम, पाऊस, ऊन वा रात्रीचा अंधार यांपैकी काहीही या टपालवाहकांना त्यांची नेमलेली फेरी त्वरेने पुरी करण्यापासून रोखत नाही, त्यांनी दोनदा वाचली आणि ती डायरीत उतरवून घ्यायला सुरुवात केली. थंडीने बॉलपेन चालेना. ते तोंडाजवळ धरून, फुंकर घालून, एकेक शब्द लिहीत गेले. ही ओळ मुळात ग्रीक इतिहासकार हिरोडोटसची असून इराणच्या घोडेस्वार जासूदांविषयी आहे, हे मात्र मी या वेळी सांगितले नाही. माणूस शिकतो.

सात वाजून वीस मिनिटांनी आम्ही रस्ता ओलांडून गार्डनच्या बाजूला आलो. आमचे दार अर्थातच दुसऱ्या टोकाला, सातव्या अ‍ॅव्हेन्यूवर होते, आणि इथल्या दोन अ‍ॅव्हेन्यूंमधले अंतर नकाशात वाटते त्याहून फार लांब असते, विशेषतः समोरून सारे शहर घरी जायला गाडी पकडण्यासाठी पळत असते तेव्हा. ते दृश्य म्हणजे दादरचा पूलच. फक्त धक्का मारल्यावर लोक क्षमा मागतात, एवढाच फरक. रांगेत उभे राहिलो. तिकीट फोनवरच दाखवावे लागते आणि त्यातल्या रेषा सतत हलत असल्यामुळे त्याचा आधी काढून ठेवलेला फोटो चालत नाही, हे ऐकून अण्णांनी ‘हलणाऱ्या तिकिटावर शिक्का कसा मारतात?’ असा रास्त प्रश्न विचारला. तेवढ्यात ते तपासणीच्या चौकटीतून गेले आणि चौकट केकाटली.

कानटोपी निघाली, किल्ल्या निघाल्या, आणि आतल्या खिशातून पितळेचा अडकित्ता निघाला. मोराच्या आकाराचा, आजोबांच्या वेळचा, पात्याला नुकतीच धार लावलेला. रक्षक उंचापुरा आणि अतिशय सभ्य होता. त्याने अडकित्ता उघडला, मिटला, पुन्हा उघडला, आणि हे काय आहे, असे मला विचारले. सुपारी म्हणजे काय, ती का कातरतात, आणि ती कातरण्यासाठी बास्केटबॉलच्या सामन्याला हत्यार का लागते, हे मागे शेदोनशे माणसे खोळंबलेली असताना इंग्रजीत समजावून सांगणे मला जमले नाही. अडकित्ता आत जाणार नव्हता, आणि आजोबांचा अडकित्ता सोडून अण्णाही आत जाणार नव्हते. आम्ही रांगेतून बाहेर आलो. लपवून ठेवावा तर या गार्डनात, मी आधीच म्हटल्याप्रमाणे, एक कुंडी नाही.

कोपऱ्यावर भात आणि कोंबडीची हातगाडी होती. अण्णा सरळ तिकडे गेले आणि त्यांनी आपल्या खास हिंदीत अडकित्ता ठेवून घेण्याची विनंती केली. गाडीवाला मूळचा बांगलादेशचा निघाला. त्याने हात पुसला, मोराची मान दोन बोटांत धरून उजेडात पाहिली, आणि त्याच्या चेहऱ्यावर जे उमटले ते पाहून मला कळले की या शहरात त्या वस्तूला ओळखणारा निदान एक माणूस आहे. आपली आजी पानासाठी असाच वापरत असे, असे तो म्हणाला. मग अर्थातच अण्णांनी दुसऱ्या खिशातून सुपारी काढली, मग अर्थातच ती बारीक कातरली गेली, आणि आतून वीस हजार लोकांचा पहिला जल्लोष ऐकू आला तेव्हा आम्ही तिघेही वाफाळत्या तव्याशेजारी उभे राहून सुपारी चघळत होतो.

गार्डनचे मैदान रस्त्याच्या पातळीपासून पाच मजले वर आहे. एकामागून एक सरकते जिने चढून आम्ही आमच्या दारापाशी पोहोचलो तेव्हा पहिले सत्र संपून दुसरे सुरू झाले होते. जागा दाखवणाऱ्या बाईंनी हसून स्वागत केले. अण्णांनी मला हळूच विचारले, ‘लेट फी किती?’ त्यांच्या टपालडब्यात उशिरा आलेले पत्र ज्यादा पैसे घेऊन स्वीकारत असत. तोच नियम इथेही असणार, असा त्यांचा समज होता.

आम्ही बसलो. खुर्चीखालची जागा आमच्या जेवणाच्या खुर्चीपेक्षा चांगली ऐसपैस निघाली आणि अण्णांनी माझ्याकडे पाहिले. समोर झगझगीत लाकडी मैदानावर रणदिव्यांचा संघ धावत होता. त्याकडे त्यांनी मिनिटभर कौतुकाने पाहिले, मग कोटाच्या खिशातून डायरी काढली, बॉलपेनवर फुंकर घातली आणि म्हणाले, ‘जावईबापू, तो हातगाडीवाला साडेनऊला आवरतो म्हणाला. म्हणजे सव्वानऊला खाली हवे. जिन्यांना दहा मिनिटे धरली, गर्दीला वीस, तर आपल्याला पावणेनऊला उठायला हवे.’

तेव्हा आठ वाजून वीस मिनिटे झाली होती.