जीनोममधल्या घड्याळाला चावी खडकांची

‘डीएनएतच घड्याळ असतं. दोन जीवांच्या जीनोममधले, म्हणजे संपूर्ण डीएनएमधले, फरक मोजा, ते कधी वेगळे झाले ते कळतं. मग जीवाश्म आणि खडक हवेत कशाला?’ हा दावा सर्रास फिरतो. मोजणीपर्यंत तो ठीक आहे.

फरकांतून अंतर मिळतं, वर्षं मिळत नाहीत. माणूस आणि चिंपांझी यांच्यात डीएनएच्या एकेका अक्षराचे फरक साधारण १.२ टक्के. बदल दोन्ही शाखांत साचले, म्हणून प्रत्येकीच्या वाट्याला ०.६ टक्के, म्हणजे अक्षरामागे ०.००६. दर अक्षरामागे वर्षाला एक अब्जांश बदल धरला तर उत्तर येतं ६० लाख वर्षं. दर निम्मा धरा, १ कोटी २० लाख! दोन्ही दर खरोखर वापरले गेले आहेत: पहिला जीवाश्मांच्या वयावरून बसवलेला, दुसरा आईवडील आणि मूल यांचे जीनोम ताडून काढलेला. शिवाय ही फारकत डीएनएची. प्रजाती त्यानंतर वेगळ्या होतात, कारण पूर्वजांच्या समूहात विविधता आधीपासूनच असते.

‘मग घरातल्या घरात मोजलेला दरच वापरा.’ तो दर पिढीमागचा असतो. लाखो वर्षांपूर्वीच्या वानराची पिढी १५ वर्षांची होती की २५, हे जीनोममध्ये लिहिलेलं नसतं. इथे कामी आलं सायबेरियातल्या उस्त-इशिमचं मांडीचं हाड. कार्बन-१४ नुसार त्याचं वय सुमारे ४५,००० वर्षं. त्या माणसाच्या जीनोममध्ये आजच्या माणसांपेक्षा तेवढ्या काळाचे बदल कमी भरले; ती तूट वयाने भागली की थेट वार्षिक दर हाती येतो. २०१४ साली तो अब्जांशाच्या जवळपास निम्मा निघाला. कार्बन मात्र ५०,००० वर्षांपलीकडे फारसा उपयोगी नाही.

‘खडकांची वयंही अंदाजानेच ठरवतात’ हे तर साफ चूक. जीवाश्मांच्या वर-खाली सापडणाऱ्या ज्वालामुखीच्या राखेतला झिरकॉन या खनिजाचा स्फटिक घडताना युरेनियम आत घेतो, शिसं जवळपास घेतच नाही. त्यामुळे आत सापडणारं शिसं युरेनियमच्या क्षयातून आलेलं. युरेनियम-२३८ चं अर्धायुष्य, म्हणजे त्यातलं निम्मं क्षय पावायला लागणारा काळ, ४४७ कोटी वर्षं. यात डीएनएचा संबंधच नाही.

खडक वापरतानाही चुका होतात, आणि त्या जास्त महागात पडतात. जीवाश्म फक्त किमान वय देतो: शाखा त्याआधीच फुटलेली असते. दोन्ही अमेरिकांना जोडणारी पनामाची भूपट्टी सुमारे ३० लाख वर्षांपूर्वी पूर्ण जुळली, म्हणून तिच्या दोन बाजूंच्या समुद्रांत विभागलेल्या जवळच्या प्रजातींच्या सगळ्या जोड्यांना तेच वय चिकटवलं जायचं. पण टिचकी मारणाऱ्या कोळंब्यांत खोल पाण्यातल्या जोड्या आधीच तुटल्या होत्या. किनाऱ्याच्या खारफुटीतल्या सर्वांत शेवटी. खोल पाण्यातल्या जोडीला ३० लाख लावले की दर फुगतो, आणि त्या दराने काढलेल्या बाकीच्या तारखा अलीकडे सरकतात.