‘उपरा’ कोणाला म्हणताय?

‘एक चिकित्सक’ यांस,

हैतीचे दिग्दर्शक राऊल पेक यांनी काँगोचे पहिले पंतप्रधान पॅट्रिस लुमुंबा यांच्यावर केलेल्या माहितीपटाविषयी मी लिहिलं, त्यावर तुमची प्रतिक्रिया वाचली. “हैतीतल्या सुखवस्तू घरच्या उपऱ्याने काँगोच्या जखमेचं भांडवल केलं आणि तुम्ही आरती ओवाळताय.” मतभेद असू देत हो, पण ही भाषा? समोरासमोर बसलो असतो तर बोलला असतात असं? टोपणनावामागून जोर येतो, एवढंच.

लेख लांबला, हे मान्य. एखाद-दोन परिच्छेद गाळता आले असते.

आता ‘उपरा’. पेक १९५३ साली हैतीच्या राजधानीत, पोर्तोप्रँसला जन्मले. तिथला राष्ट्राध्यक्ष दुव्हालिए याच्या हुकूमशाहीपायी घरदार देश सोडून निघालं. ३० जून १९६० ला काँगो बेल्जियमपासून स्वतंत्र झाला, बेल्जियन साहेब चंबूगबाळं आवरून पळाले, आणि रिकाम्या खुर्च्यांवर बसवायला फ्रेंच येणारे, शिकलेले, कातडीने काळे हैतीवाले बोलावले गेले. पेक यांचे शेतीतज्ज्ञ वडील त्यांतले एक. १७ जानेवारी १९६१ ला लुमुंबांचा खून पडला. त्याच देशात हा मुलगा शाळेत गेला. आई तिथल्या महापालिकेत नोकरीला. माहितीपटात घरगुती कॅमेऱ्याने टिपलेली कुटुंबाची दृश्यं येतात, आईने सांगितलेल्या गोष्टी येतात. आपण इथले कोण, हा प्रश्न तो माणूस स्वतःच पडद्यावर मांडतो. तुम्ही तोच उचलून त्याच्यावर आरोप म्हणून फेकलात!

मी बडोद्याचा. आजोबा नोकरीसाठी साताऱ्याहून गेले ते तिथलेच झाले. वर्गात मी ‘घाटी’, सुट्टीत साताऱ्याला गेलो की ‘गुजराती’. चुलतभावंडं माझ्या ‘ळ’वर हसायची. आजही पुण्यात कोणी ना कोणी विचारतं, मूळचे कुठले तुम्ही? तेव्हा कोणाला कशावर बोलायचा हक्क आहे, हे मला शिकवू नका. ते मी चड्डीत असल्यापासून ऐकतोय. आणि हो, आमचं घरही सुखवस्तूच होतं. मग?

‘भांडवल’ म्हणालात. लुमुंबांच्या जुन्या दृश्यांसाठी वृत्तपट कंपनी मिनिटाला किती डॉलर मागते, हे पेक प्रेक्षकांना भर चित्रपटात सांगतात. धंदा करणारा माणूस असला हिशेब चव्हाट्यावर मांडत नाही.

काँगोतली माणसं कमी आणि ब्रसेल्सच जास्त दिसतं, हा तुमचा दुसरा मुद्दा. अहो, माहितीपट बनत होता तेव्हा काँगोच्या राजधानीत, किन्शासात, हुकूमशहा मोबुटू बसला होता. कॅमेरा घेऊन कोण जाणार होतं, तुम्ही? युरोपच्या पैशांबद्दल जे लिहिलंय त्यावर मी वेळ घालवणार नाही.

माहितीपट पाहिलात की नुसता माझा लेख वाचलात, तेवढं कळवा. आणि पुढची प्रतिक्रिया स्वतःच्या नावाने आली तरच छापेन.