बर्लिनच्या टेबलावर आफ्रिकेचे देश जन्मले नव्हते

आफ्रिकेचा नकाशा, त्यावर ठेवलेली फूटपट्टी आणि खाली चार वाक्यं, अशी एक पोस्ट वर्षानुवर्षं फिरते आहे. मजकूर साधारण असा: ‘1884 मध्ये युरोपचे चौदा देश बर्लिनला एका टेबलाभोवती बसले. त्यांनी पट्टीने रेघा मारल्या आणि आफ्रिकेतले आजचे देश तयार झाले. यात आफ्रिकी माणसाला काहीच स्थान नव्हतं. एकेका जमातीचे तुकडे झाले, म्हणून तिथे आजही युद्धं चालू आहेत.’

ही पोस्ट टाकणाऱ्यांना वसाहतवादाची चीड असते. मलाही आहे, आणि नेमकी त्याच कारणासाठी ही गोष्ट मला सलते. तीस-पस्तीस वर्षं चाललेली लूट, लढाया, फसवे करार आणि लोकांनी केलेला प्रतिकार या सगळ्याला ती एका हिवाळ्यातल्या बैठकीत कोंबते. आक्रमकांचं पाप त्यामुळे हलकंच होतं, आणि आफ्रिकेची माणसं तिच्याच इतिहासातून गायब होतात.

पहिलं वाक्य चटकन बघू. चौदा देश होते हे बरोबर, पण त्यात अमेरिका होती आणि तुर्कांचं ऑटोमन साम्राज्यही होतं. एकही आफ्रिकी प्रतिनिधी नव्हता, हेही खरं.

रेघांचं काय? जर्मनीचा चान्सलर बिस्मार्क याच्या निवासस्थानी 15 नोव्हेंबर 1884 ते 26 फेब्रुवारी 1885 ही परिषद चालली. भिंतीवर आफ्रिकेचा भला मोठा नकाशा होता, तो त्या काळच्या चित्रांतही दिसतो, आणि रेघांची दंतकथा बहुधा त्या नकाशावरूनच रुजली असावी. परिषदेतून जो करारनामा निघाला त्यात 38 कलमं आहेत. काँगोच्या खोऱ्यात सर्वांना खुला व्यापार, काँगो आणि नायजर नद्यांवर सर्वांच्या जहाजांना मोकळीक, गुलामांच्या व्यापाराला विरोध. शेवटी कलम 34 आणि 35: आफ्रिकेच्या किनाऱ्यावर नवा प्रदेश घेणाऱ्याने इतरांना तसं कळवावं आणि तिथे प्रत्यक्ष सत्ता चालवावी. किनाऱ्यावर, आतल्या भागात नव्हे. आजच्या एकाही देशाची सीमा या कलमांत आखलेली नाही.

सगळ्यात मोठा घास गिळला तो बेल्जियमचा राजा लिओपोल्ड याने, आणि तो परिषदेला गेलाही नव्हता. काँगोवर दावा सांगणाऱ्या त्याच्या संस्थेला अमेरिकेने एप्रिल 1884 मध्ये आणि जर्मनीने परिषद भरण्याच्या काही दिवस आधी मान्यता देऊन टाकली होती. बाकीच्यांशी वेगवेगळे करार झाले, तेही परिषदेच्या कामकाजाबाहेर. मग एवढा मोठा मुलूख 1908 पर्यंत त्या एका माणसाची खासगी मिळकत होऊन राहिला.

बरं, फ्रान्सने अल्जीरियावर स्वारी केली 1830 मध्ये. ट्युनिशिया घेतला 1881 मध्ये, आणि ब्रिटनने इजिप्त व्यापला 1882 मध्ये. हे सगळं बर्लिनच्या आधीचं. लिबिया इटलीने 1911 मध्ये घ्यायला काढला, मोरोक्को 1912 मध्ये फ्रान्स आणि स्पेनने वाटून घेतला. जर्मनीच्या वसाहती पहिल्या महायुद्धानंतर पुन्हा वाटल्या गेल्या. सीमा ठरत गेल्या त्या दोन-दोन सत्तांमधल्या करारांनी, आणि हे करार झाले लंडन, पॅरिस, लिस्बन अशा ठिकाणी.

पट्टीच्या गोष्टीला एक धाकटी बहीण आहे. केनिया आणि टांझानिया यांची सीमा समुद्रापासून व्हिक्टोरिया सरोवरापर्यंत जवळजवळ सरळ जाते, फक्त किलिमांजारोपाशी वाकते. सांगतात की ब्रिटनच्या राणी व्हिक्टोरियाने आपला नातू, जर्मनीचा कैसर म्हणजे सम्राट विल्हेल्म याला तो डोंगर वाढदिवसाला भेट दिला. पण ही सीमा ठरली 1886 च्या ब्रिटन-जर्मनी करारात, आणि विल्हेल्म कैसर झाला 1888 मध्ये. त्या करारात मोम्बासा ब्रिटनच्या बाजूला गेलं आणि किलिमांजारो जर्मनीच्या. ती देवघेव होती, आजीची माया नव्हे.

सरळ रेघा आहेत, हे नाकारण्यात अर्थ नाही. इजिप्त आणि सुदानमधली 22 अक्षांशाची रेघ 1899 च्या करारातली आहे. जिथे गोऱ्या माणसाचं पाऊल पडलं नाही तिथले डोंगर, नद्या आणि सरोवरं आम्ही एकमेकांना देत होतो, आणि ती नेमकी कुठे आहेत हेच आम्हाला माहीत नव्हतं, अशा अर्थाचं ब्रिटनचे पंतप्रधान सॉल्झबरी स्वतःच बोलले होते. पण कितीतरी सीमा युरोपातल्या टेबलावरसुद्धा ठरल्या नाहीत, त्या वसाहतीच्या कचेरीत ठरल्या. आजचा बुर्किना फासो घ्या. फ्रान्सने 1919 मध्ये अप्पर व्होल्टा नावाची वसाहत काढली, 1932 मध्ये ती मोडून तिचे भाग शेजारच्या तीन वसाहतींना जोडले, 1947 मध्ये पुन्हा उभी केली. कारभाराच्या सोयीसाठी केलेली ही मोडतोड. 1960 मध्ये तीच रेघ देशाची सीमा झाली, आणि डिसेंबर 1985 मध्ये त्या सीमेवरून माली आणि बुर्किना फासो लढले.

आता तिसरं वाक्य, आफ्रिकी माणसाला काहीच स्थान नव्हतं हे. माझा खरा राग त्यावर आहे. इथिओपियाचा सम्राट मेनेलिक याने 1889 मध्ये इटलीशी वुचालेचा करार केला. अम्हारिक म्हणजे इथिओपियाच्या भाषेतल्या प्रतीत लिहिलं होतं की परराष्ट्रव्यवहारात सम्राटाला हवं तर इटलीची मदत घेता येईल. इटालियन प्रतीत ती मदत सक्तीची होती, म्हणजे इथिओपिया इटलीच्या ताब्यात. लबाडी लक्षात आल्यावर मेनेलिकने करार झुगारला, आणि 1 मार्च 1896 रोजी अडवाच्या लढाईत इटलीच्या फौजेचा पार धुव्वा उडवला. पुढच्या दहा-बारा वर्षांत ब्रिटन, फ्रान्स आणि इटलीला सीमा ठरवण्यासाठी त्याच्याशी करार करावे लागले. याच मेनेलिकने दक्षिणेला आणि पूर्वेला ओरोमो आणि सोमाली लोकांचे प्रदेशही जिंकले होते. तेही सांगायला हवं, कारण ही माणसं खरीखुरी राज्यकर्ती होती, सत्तेची हाव त्यांनाही होती.

बोट्सवानाचं उदाहरण तर फार कमी लोकांना माहीत असतं. तो मुलूख तेव्हा ब्रिटिश संरक्षणाखाली होता, आणि सेसिल ऱ्होड्स या ब्रिटिश धनाढ्याच्या कंपनीला तो हवा होता. 1895 मध्ये खामा, सेबेले आणि बाथोएन हे तीन राजे बोटीने इंग्लंडला गेले, गावोगावच्या सभांत बोलले, वसाहतमंत्री चेंबरलेन यांना भेटले. रेल्वेसाठी जमिनीचा एक पट्टा त्यांना द्यावा लागला, पण मुलूख कंपनीच्या घशात गेला नाही. हा देश आज वेगळा आहे, त्यामागे त्यांचा तो प्रवास आहे.

राहिलं युद्धांचं. सोमाली लोक पाच वेगवेगळ्या प्रदेशांत विभागले गेले, हे दुःख खरं आहे. त्यांच्या झेंड्यावरच्या ताऱ्याला पाच टोकं त्यासाठीच आहेत, आणि 1977 मध्ये इथिओपियातल्या ओगाडेन या सोमाली मुलुखासाठी सोमालियाने इथिओपियाशी युद्धही केलं. पण त्याच सोमालियात बहुसंख्य लोकांची भाषा एक, धर्म एक, तरी 1991 नंतर राज्य कोसळलं ते आतूनच. रवांडा तर युरोपीय येण्याआधीपासूनचं राज्य. तिथले हुतू आणि तुत्सी हे दोन समाज एकच भाषा बोलतात, एकाच डोंगरावर राहतात. तिथल्या 1994 च्या वंशसंहाराची मुळं बेल्जियमने ओळखपत्रांवर छापलेल्या जमातीत आणि नंतरच्या सत्ताधाऱ्यांच्या राजकारणात शोधावी लागतात. सीमेची रेघ इथे काही सांगत नाही.

आणि या सीमा टिकल्या कशा? 1964 च्या जुलैमध्ये कैरोला स्वतंत्र आफ्रिकी देशांच्या प्रमुखांनी ठराव केला की स्वातंत्र्याच्या वेळी असलेल्या सीमा सर्वांनी पाळायच्या. सोमालिया आणि मोरोक्को यांना तो मान्य नव्हता. बाकीच्यांनी तो डोळे उघडे ठेवून केला, कारण एक रेघ हलवली तर सगळ्याच हलतील हे त्यांना दिसत होतं.

अशाच एका रेघेवरचा वाद युद्धाशिवाय मिटला, तोही सांगतो. चोबे नदीत एक बेट आहे. नामिबिया त्याला कासिकिली म्हणतो, बोट्सवाना सेदुदू. क्षेत्रफळ जेमतेम साडेतीन चौरस किलोमीटर, वर्षातले काही महिने पाण्याखाली. 1890 च्या ब्रिटन-जर्मनी करारात सीमा नदीच्या ‘मुख्य प्रवाहाच्या मध्यातून’ जाते असं म्हटलं होतं, आणि बेटाच्या दोन्ही बाजूंनी प्रवाह आहेत. मुख्य कुठला? दोन्ही देश मिळून हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात गेले. खोली, रुंदी, वाहतं पाणी यांचे पुरावे झाले. डिसेंबर 1999 मध्ये न्यायालयाने उत्तरेचा प्रवाह मुख्य ठरवला. बेट बोट्सवानाला गेलं, आणि नामिबियाने तो निकाल मान्य केला.